पळी उभी राहीपर्यंत

प्रश्न : मी कोल्हापूरची. मुलीकडे अमेरिकेत, व्हर्जिनिया राज्यातल्या रिचमंड शहरात दोन महिने राहून आले. ऑक्टोबरमधल्या एका शनिवारी तिची शेजारीण आम्हाला गावाबाहेरच्या एका चर्चच्या आवारात घेऊन गेली. तिथे दोन मोठ्या लोखंडी काहिली चुलाणावर चढवल्या होत्या आणि सात-आठ पुरुष वल्ह्यासारख्या लाकडी फळ्यांनी आतलं कालवण आळीपाळीनं ढवळत होते. पहाटे काळोखात काम सुरू केलं, असं ते म्हणाले. आत कोंबडी, बटाटा, टोमॅटो, मका आणि चपट्या, फिकट दाण्यांची एक कडधान्यासारखी वस्तू होती. दुपारी तेच कालवण डब्यांत भरून विकलं. त्याचं नाव ब्रन्सविक स्ट्यू. तिखट नावाला नव्हतं, तरी मी दोन वाट्या खाल्ल्या. जावई म्हणाले, मुळात यात खार घालायचे. हे खरं का? हे ब्रन्सविक कुठलं? इतके तास का ढवळायचं? ते दाणे कसले? आणि मला हे इथे करता येईल का? तिथल्या एका आजोबांनी फळी माझ्याही हातात दिली होती. मग ती कालवणात मधोमध उभी करून हात सोडला आणि माझ्याकडे बघून हसले. त्याचा अर्थ मला उमगला नाही.

उत्तर : तुम्ही काहील हा शब्द लिहिलात आणि माझं निम्मं काम केलंत. गुऱ्हाळ पाहिलेल्या माणसाला ब्रन्सविक स्ट्यू समजावून सांगणं सोपं आहे. गुऱ्हाळावर काहिलीपाशी गुळव्या असतो. जाळ किती ठेवायचा, रस कधी ढवळायचा आणि कुठल्या क्षणी काहील उतरवायची, हा शब्द त्याचा. व्हर्जिनियातल्या त्या आवारात असाच एक माणूस असतो, त्याला स्ट्यूमास्टर म्हणतात. बाकीचे त्याच्या हाताखालचे. फळी पाळीपाळीनं सगळ्यांच्या हातात जाते, पण मका कधी पडायचा आणि जाळ कधी ओढायचा, हे तोच सांगतो. कित्येक घरांत हे काम बापाकडून मुलाकडे आलेलं असतं. चर्च, गावातलं स्वयंसेवी अग्निशमन दल, शाळेचा संघ यांना पैसे उभे करायचे झाले की काहील चढते, आणि कालवण क्वार्टच्या मापानं, म्हणजे लिटरला जरा कमी अशा डब्यांतून विकलं जातं. तुम्ही पाहिलंत ते असंच काही असणार. म्हणजे हा पदार्थ आधी दहाजणांचा आहे, मग एका घराचा. घरी करताना त्यातलं काय हाती लागतं आणि काय निसटतं, तिकडे शेवटी येतो.

आता ब्रन्सविक. रिचमंडच्या दक्षिणेला, नॉर्थ कॅरोलायनाच्या सीमेला टेकून ब्रन्सविक नावाची काउंटी आहे. काउंटी म्हणजे साधारण आपला तालुका किंवा लहानसा जिल्हा. ती 1720 साली झाली. त्या वेळी व्हर्जिनिया इंग्रजांची वसाहत होती आणि गादीवर पहिला जॉर्ज होता. हा राजा मूळचा जर्मनीतल्या ब्रन्सविक-ल्यूनबर्ग घराण्याचा, त्यावरून काउंटीला नाव मिळालं. खाली जॉर्जिया राज्यात समुद्रकाठी ब्रन्सविक नावाचं एक शहर आहे, 1771 साली वसवलेलं. त्याचं नावही त्याच घराण्यावरून. आणि या कालवणाचा जन्म आपल्याकडे झाला, असा दावा दोघांचाही आहे.

व्हर्जिनियाची गोष्ट 1828 सालची आहे. डॉ. क्रीड हस्किन्स हे तिथल्या विधिमंडळाचे सदस्य. ते मित्रांना घेऊन शिकारीला गेले आणि नदीकाठच्या जंगलात तळ पडला. बरोबर जिमी मॅथ्यूज नावाचा कृष्णवर्णीय स्वयंपाकी होता. तो गुलाम होता. मंडळी शिकारीला पांगली, तेव्हा तळावर राहिलेल्या मॅथ्यूजनं काही खारी मारल्या आणि लोणी, कांदा, शिळा पाव, मीठ-मिरी घालून त्या मंद जाळावर तासन् तास शिजवत ठेवल्या. परतलेल्या शिकाऱ्यांनी ते दाट, ओळख न पटणारं कालवण बघून आधी नाकं मुरडली. मग चाखलं आणि आणखी मागितलं. तुमचे जावई म्हणाले ते असं खरं आहे. या गोष्टीत कोंबडी नाही. मका, टोमॅटो, बटाटाही नाही. ते सगळं नंतर आलं.

खार म्हटल्यावर तुमच्या मनात जे आलं असेल ते माझ्याही मनात आलं होतं. सेतू बांधताना वाळूचे कण आणणारी, रामाच्या बोटांचे पट्टे पाठीवर मिरवणारी आपली खारोटी. तिथली करडी खार वेगळी. तिच्या पाठीवर पट्टे नसतात आणि ती चांगली अर्धा किलोपर्यंत भरते. ओकची आणि हिकरीची फळं खाऊन ती शरद ऋतूत लठ्ठ होते. जंगलाच्या कडेला राहणाऱ्या गरीब माणसाला, गोऱ्याला तसंच काळ्याला, मिळण्यासारखं हेच मांस होतं. उड्या मारणाऱ्या प्राण्याचं मांस चिवट. ते भाजून खाणं कठीण, पण तीन-चार तास मंद शिजलं की हाडापासून सुटतं. या पदार्थाला वेळ लागतो तो मूळ असा.

या गोष्टीत एक शब्द आहे, त्यापाशी मला थांबायचं आहे. तिथे मॅथ्यूजचा उल्लेख बहुधा ‘अंकल जिमी’ असा होतो. आपण काका, मामा म्हणतो तेव्हा परक्याला घरात घेतो. रिक्षावाले काका, भाजीवाल्या मावशी यांत जवळीक असते आणि मानही असतो. अमेरिकेच्या दक्षिणेत गुलामगिरीच्या काळात या शब्दाचं काम उलट होतं. गोऱ्या माणसाला ‘मिस्टर’ म्हणायचं. वयानं कितीही मोठा असला तरी काळ्या माणसाला ‘मिस्टर’ म्हणायचं नाही, मग म्हाताऱ्याला ‘अंकल’ आणि म्हातारीला ‘आंट’ म्हणायचं. नात्याचा शब्द वापरायचा तो मान नाकारण्यासाठी. गुलामगिरी कायद्यानं संपल्यावरही हा रिवाज कित्येक दशकं टिकला. म्हणून मी या पत्राच्या उत्तरात त्याला जिमी मॅथ्यूजच म्हणतो आहे. हस्किन्स यांच्या नावाआधी डॉक्टर लागतं आणि आमदारकी लागते, कालवण मात्र मॅथ्यूजनं रांधलं. व्हर्जिनियाच्या विधिमंडळानं 1988 साली ठराव करून ब्रन्सविक काउंटी हेच या कालवणाचं मूळ घर असल्याचं जाहीर केलं. माझ्या लेखी त्या ठरावातली सगळ्यात मोठी गोष्ट गाव नव्हे, तो स्वयंपाकी आहे.

जॉर्जियाचा दावा एका भांड्यावर उभा आहे. तिथल्या ब्रन्सविकमध्ये सुमारे 25 गॅलनचं, म्हणजे पंचाण्णव लिटरच्या आसपासचं एक जुनं लोखंडी भांडं चौथऱ्यावर बसवलं आहे. 2 जुलै 1898 रोजी सेंट सायमन्स बेटावर या भांड्यात पहिला ब्रन्सविक स्ट्यू शिजला, असं त्यावर कोरलेलं आहे. भांडं देखणं आहे, पण तारीख टिकत नाही. मेरियन कॅबेल टायरी या बाईंनी संपादित केलेलं ‘हाउसकीपिंग इन ओल्ड व्हर्जिनिया’ हे पाककृतींचं पुस्तक 1879 साली छापलं गेलं आणि त्यात ब्रन्सविक स्ट्यू आहे, तोही एकाहून अधिक तऱ्हांनी. म्हणजे जॉर्जियाच्या भांड्याआधी किमान एकोणीस वर्षं व्हर्जिनियातल्या गृहिणी नावानिशी हे कालवण करत होत्या. त्यातल्या एका कृतीत खार किंवा कोंबडी, काहीही चालेल असं आहे. त्यामुळे मला ते पुस्तक फार मोलाचं वाटतं. खारीची जागा कोंबडीनं घेतली ती अशी, स्वयंपाकघरात हाताशी असेल ते भांड्यात टाकत. टोमॅटो, मका, बटाटा आणि ते चपटे दाणे तोवर कालवणात येऊन बसले होते.

चवीतला फरक मात्र खरा आहे आणि तो दोन्ही राज्यांनी राखावा. व्हर्जिनियात मुख्य मांस कोंबडीचं, चव लोण्याची आणि मक्याच्या गोडव्याची, आणि घट्टपणा इतका की एवढ्यावरच जेवण व्हावं. जॉर्जियात डुकराचं आणि गाईचंही मांस पडतं, बहुधा धुरावर शिजवलेलं, आणि आंबट-गोड बार्बेक्यू सॉस. तिथे हे कालवण भाजलेल्या मांसाच्या ताटात बाजूला वाढतात. काहीजण भेंडी घालतात. भेंडी ही आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांबरोबर तिथे पोचलेली भाजी. व्हर्जिनियाचा स्ट्यूमास्टर काहिलीत भेंडी पडू देणार नाही. माझा कौल व्हर्जिनियाला, आणि खाली दिलेली कृतीही तिथलीच आहे.

पण 1828 काय किंवा 1898 काय, दोन्ही तारखा त्या मातीत कालपरवाच्या आहेत. मका, शेंगांतले दाणे आणि रानातलं मांस एका भांड्यात मंद शिजवायची रीत गोरे लोक येण्याआधीपासून तिथल्या मूळ रहिवाशांची होती. आज ज्या भागाला ब्रन्सविक काउंटी म्हणतात, तिथेच 1714 साली इंग्रजांनी फोर्ट क्रिस्टाना नावाचा किल्ला बांधला आणि सपोनी वगैरे जमातींना त्याच्या आसपास वसवलं. मका आणि शेंगवेल ते शेजारी शेजारी लावत. मक्याच्या ताटाचा वेलाला आधार आणि वेलामुळे जमिनीला खत. ही जोडी शेतातून थेट मडक्यात येई. मॅथ्यूजच्या कालवणात पुढे मका आणि दाणे पडले, तेव्हा काही नवं घडलं असं मला वाटत नाही. जुन्या धन्यांचं धान्य त्यांच्याच मातीतल्या भांड्यात परत आलं.

ते दाणे म्हणजे लायमा बीन. पेरूची राजधानी लिमा, तिच्यावरून हे नाव पडलं. अमेरिकेच्या दक्षिणेत त्यांना बटर बीन म्हणतात. आपल्या बाजारात हीच वस्तू ‘डबल बी’ नावानं मिळते. तुम्ही ती उसळीसाठी आणतही असाल आणि रिचमंडला तुम्हाला ती ओळखू आली नसेल, कारण तिथे ताजे, कोवळे, हिरवट-पांढरे दाणे घालतात आणि आपल्याकडे वाळलेले मिळतात. एक गोष्ट नीट सांगतो. कच्च्या डबल बीमध्ये असा एक पदार्थ असतो, ज्यापासून सायनाइड तयार होतं. कुठल्या वाणात कमी, कुठल्यात जास्त. म्हणून हे दाणे कच्चे किंवा अर्धकच्चे कधीही खाऊ नयेत. रात्रभर भिजवावेत, भिजवलेलं पाणी फेकून द्यावं आणि नव्या पाण्यात झाकण न ठेवता खळखळून उकळावेत. तो विषारी वायू फार कमी तापमानालाच उडून जातो, वाफेबरोबर निघून जातो. झाकण नको ते त्याला वाट मिळावी म्हणून.

आता ढवळण्याचं. दोन वेगळी कामं एकाच वेळी चाललेली असतात, म्हणून इतका वेळ लागतो. पहिलं काम मांसाचं. म्हाताऱ्या कोंबडीच्या मांसात कोलॅजन नावाचे चिवट धागे असतात. सत्तर अंशांच्या वर ते हळूहळू विरघळतात आणि त्यांचं जिलेटिन होतं, म्हणजे पायाच्या सुपाला ओठ चिकटतात ना, ते. हे काम घाई करून होत नाही. जाळ मोठा केला तर धागे विरघळण्याआधी मांस आवळतं, त्यातलं पाणी पिळून निघतं आणि ते दोरखंडासारखं होतं. म्हणून पाण्यावर एखाददुसरा बुडबुडा येत राहील एवढीच आच हवी. आपण रटरटणं म्हणतो ते चालेल, खदखदणं नाही.

दुसरं काम घट्टपणाचं. बटाट्याचा, मक्याचा आणि दाण्यांचा पिठूळ अंश रसात उतरतो. पातळ पाण्यात खालचं गरम पाणी आपसूक वर येतं आणि वरचं खाली जातं. घट्ट रसात ही ये-जा थांबते. तळाशी तापलेला थर तिथेच अडकतो आणि करपतो. पिठलं ढवळायचं सोडलं की काय होतं ते तुम्हाला सांगायला नको. शंभर लिटरच्या काहिलीत तळाला एकदा डाग धरला की तो वास शेवटच्या डब्यापर्यंत जातो, सकाळपासूनचं सगळ्यांचं काम वाया. म्हणून फळी थांबत नाही, आणि फळीचं टोक तळाला घासतच फिरलं पाहिजे. फळी लांब असते, कारण घट्ट झालेलं कालवण उडतं आणि हातावर चटके बसतात.

मी पहिल्यांदा केलं तेव्हा शेवटच्या अर्ध्या तासात दारावर कोणी आलं म्हणून पाच मिनिटं पातेल्यापासून दूर गेलो. परत येईपर्यंत तळ लागला होता. त्या वेळी मी एक गोष्ट बरोबर केली, ती तुम्हीही लक्षात ठेवा. लागलेला तळ खरवडायचा नाही, ढवळायचंही नाही. वरचं कालवण हलक्या हातानं दुसऱ्या भांड्यात काढून घ्यायचं आणि जळका थर पहिल्या भांड्यातच राहू द्यायचा. कालवण वाचतं.

आता तुमच्या कोल्हापूरच्या स्वयंपाकघराकडे येतो. आठ माणसांना पुरेल असा अंदाज देतो. जाड बुडाचं सात-आठ लिटरचं पातेलं घ्या. पातळ स्टीलचं नको.

गावरान कोंबडी दीड किलो, हाडांसकट मोठे तुकडे करून आणा. अंडी देऊन झालेली जून कोंबडी मिळाली तर सगळ्यात उत्तम. हा पदार्थ तिच्यासाठीच आहे. तिथे कातडीसकट शिजवतात. आपल्याकडे कातडी काढूनच देतात, त्याची भरपाई आपण लोण्यानं करणार आहोत. दुकानदाराकडून चार-सहा पंजेही मागून घ्या, रसाला चिकटपणा त्यांतून येतो. तीन मोठे कांदे चिरून, कोंबडी, पंजे, दोन चमचे मीठ आणि अडीच लिटर पाणी एकत्र चढवा. पहिली उकळी आली की वरचा फेस काढून आच अगदी मंद करा. गावरानला दीड ते दोन तास लागतील. ब्रॉयलर असेल तर पाऊण तासात बाहेर काढा, कारण ती कोवळी असते आणि जास्त शिजली तर तिचा भुगा होतो. मांस निवलं की हाडं काढून बोटांनी रेषा रेषा सोडवा. सुरीनं तुकडे करू नका. रेषांना रस धरतो, तुकड्यांना धरत नाही. रस गाळून परत पातेल्यात घ्या, शिजलेला कांदाही त्यात जाऊ द्या.

दरम्यान रात्री भिजवलेली पाव किलो डबल बी वेगळी शिजवून घ्यायची. आधी उघड्यावर दहा-पंधरा मिनिटं खळखळून उकळा, मग बोटांत चेपेल इतकी मऊ होईपर्यंत मंद आचेवर ठेवा. डबल बी मिळाली नाही तर थंडीतले ताजे पावटे चालतील, पण पावट्याला स्वतःचा उग्र वास आहे, थोडे कमी घाला. आता गाळलेल्या रसात अर्धा किलो सोललेले बटाटे फोडी करून शिजवा. शिजले की निम्मे पळीनं पातेल्यातच घोटा आणि निम्मे तसेच राहू द्या. त्यात शिजलेले दाणे आणि मांस घाला.

टोमॅटो याच्यानंतर, आधी नाही. चिंच किंवा आमसूल आधी पडलं तर डाळ शिजायची नाही, हे आपल्या घरात कुणालाही वेगळं शिकवावं लागत नाही. आंबटाच्या सान्निध्यात भाजीचे आणि दाण्यांचे कोष घट्ट राहतात, मऊ होत नाहीत. टोमॅटोचंही तेच. पाऊण किलो पिकलेले लाल टोमॅटो गरम पाण्यात बुडवून, साल काढून, चिरून घाला. एक लहान चमचा साखर, एक सुकी लाल मिरची मोडून आणि भरपूर भरडलेली काळी मिरी. इथून पुढे तासभर झाकण न ठेवता मंद आचेवर शिजू द्या. पहिल्या अर्ध्या तासात अधूनमधून ढवळलंत तरी चालेल.

मका सगळ्यात शेवटी. चार कोवळी कणसं घ्या. दोन कणसांचे दाणे सोडवा, दोन किसा आणि बुरकुंड्यावरून सुरीची पाठ ओढून राहिलेलं दूध काढा. स्वीटकॉर्नपेक्षा आपली साधी, दुधात भरलेली कणसं इथे जास्त चांगली. स्वीटकॉर्न फार गोड असतं आणि त्यात घट्टपणा देणारं पिठूळ कमी असतं. मका पडला की कालवण झपाट्यानं दाटतं आणि तळाला धरायला लागतं. आता पातेल्यापाशीच उभं राहायचं, वीस-पंचवीस मिनिटं हात थांबवायचा नाही. घरात मुलं, सुना, जावई कोणी असतील तर पळी फिरती ठेवा. पंचाहत्तर ग्रॅम लोणी तीन वेळा करून या वेळातच घाला. शेवटी मीठ बघा. चव सपाट वाटली तर व्हिनेगरचा एक चमचा पुरे.

प्रेशर कुकर चालेल का, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण दुसरं कोणी विचारणारच. गावरान कोंबडीच्या पहिल्या टप्प्याला चालेल, तासभर वाचतो. टोमॅटोनंतर कुकर नको. पाणी उडून रस आटायला हवा, आणि बंद भांड्यात ते होत नाही.

एक विनंती. पहिल्या खेपेला तुमची कांदा-लसूण चटणी पातेल्यापासून दूर ठेवा. गरम मसाला, हळद, आलं-लसणाचं वाटण, काहीच नको. तांबड्या-पांढऱ्या रश्श्याच्या गावातून आलेल्या माणसाला हे जड जाईल. पण तुम्ही तिथे तिखटाशिवायच दोन वाट्या खाल्ल्यात, ती चव मक्याची, लोण्याची आणि हाडांच्या रसाची होती, आणि मसाल्याखाली ती पार नाहीशी होते. चटणी ताटात बाजूला वाढा, ज्याला हवी तो घेईल. तिथे याच्याबरोबर मक्याच्या पिठाचा पाव खातात. आपल्याकडे गरम भाकरी उत्तम लागते, तांदळाचीही.

उरलं तर दोन तासांच्या आत पसरट भांड्यांत काढून निववा आणि फ्रिजमध्ये ठेवा. मोठं पातेलं तसंच ओट्यावर रात्रभर राहू देऊ नका, एवढं घट्ट कालवण आतून फार सावकाश निवतं आणि तेवढ्यात खराब होतं. दुसऱ्या दिवशी ते थिजलेलं दिसेल, कारण जिलेटिन आणि पिठूळ दोन्ही गारव्यात घट्ट होतात. पेलाभर गरम पाणी घालून, ढवळत, नीट उकळी आणा. तिथले बहुतेक लोक दुसऱ्या दिवशीचंच चवीला जास्त मानतात आणि मीही मानतो.

घरच्या पातेल्यात काय निसटतं? पहाटेचा जाळ, लोखंडी काहिलीचा वास, आणि आठ माणसांच्या हातांतून फिरलेली फळी. त्याला इलाज नाही. पण तुमच्याकडे कोणाचं लग्न, बारसं, तालमीचा काही कार्यक्रम असेल आणि चुलाणावर मोठं भांडं चढणारच असेल, तर एकदा हे करून पाहा. सगळ्या वस्तू दहापट घ्या. पाणी मात्र दहापट नको, सातपट पुरे, मोठ्या प्रमाणात ते तितक्या वेगानं आटत नाही.

आणि आता त्या आजोबांची फळी. गुळव्या काकवीचा थेंब गार पाण्यात टाकून गोळी होते का बघतो, आणि मग काहील उतरवतो. स्ट्यूमास्टरची परीक्षा फळीची. ती कालवणात मधोमध उभी करायची आणि हात सोडायचा. पडली तर आणखी शिजवायचं. उभी राहिली तर जाळ ओढायचा आणि डबे मांडायचे. तुमच्यासमोर ती उभी राहिली, म्हणून ते हसले. काम झालं होतं, आणि शेवटचे चार वळसे तुमच्या हातचे होते.

घरच्या पातेल्यात खोली कमी, म्हणून लाकडी पळी पूर्ण उभी राहायची वाट बघू नका. मधोमध रोवा, हात सोडा. लगेच आडवी झाली तर दहा मिनिटं आणखी. जागच्या जागी थबकली आणि मग सावकाश, अगदी सावकाश कलायला लागली, की गॅस बंद करा.